ओरेस्तेकाकांचा आवाज

ओरेस्तेकाका सिनेमात किती वेळा मेले, याचा हिशेब त्यांनी स्वतःही ठेवलेला नाही. घोड्यावरून पडून मेले, घोड्याखाली येऊन मेले, बँकेच्या दारात मेले, आणि एकदा तर सुपाच्या वाडग्यात तोंड बुडवून मेले. मध्यंतराच्या आत यांचा निकाल लागलेला असायचा. "हिरो किती चांगला नेमबाज आहे हे लोकांना कळायला कुणीतरी मरावं लागतं," असं त्यांनी मला एकदा पाटीवर लिहून दाखवलं होतं.

पाटीवर, कारण त्यांना बोलता येत नाही. घशाच्या कॅन्सरमध्ये स्वरयंत्र काढून टाकलं. तेव्हापासून गळ्याला एक भोक, त्यावर पांढरा कापसाचा रुमाल, आणि मांडीवर ती बटण दाबलं की पुसली जाणारी मुलांची पाटी.

आणि त्यांची बायको, इल्देकाकू, त्यांच्या शेजारच्या खुर्चीत बसून रोज विचारायच्या, "ओरेस्ते कधी येणार?"

काकूंची नजर काचबिंदूने गेली होती. स्मरणशक्ती तिच्यामागोमाग निघाली होती, पण जाता जाता एक गोष्ट मागे ठेवून गेली होती: नवरा शूटिंगला गेलाय आणि अजून आलेला नाही. काका त्यांचा हात हातात घ्यायचे. काकू हात सोडवून घ्यायच्या. "हे हाडकुळं कोण आहे? माझ्या ओरेस्तेचा हात पावासारखा आहे. भरलेला." आजारपणात काकांचा हात वाळून काटकी झाला होता. अंगाला औषधांचा वास यायचा. ओळख पटवायला एकच गोष्ट उरली होती, आवाज, आणि तो डॉक्टरांनी काढून कुठल्याशा बरणीत ठेवलेला.

गळ्याला लावून बोलायचं एक यंत्रही आणून पाहिलं होतं काकांनी. त्यातून मिक्सरने इटालियन बोलावं तसा घर्रर्र आवाज आला आणि काकू किंचाळून उठल्या. ते यंत्र तेव्हापासून कपाटात आहे.

मी अमेरिकेत, हर्नडनच्या एका सीनियर लिव्हिंगमध्ये, म्हणजे म्हाताऱ्या माणसांच्या निवासात, काम करते. बिंगो, वाढदिवसांचे केक, आणि खुर्चीत बसून करायचा योगा. योगा मला येत नव्हता, पण मी भारतीय आहे म्हटल्यावर मॅनेजरबाईंनी परस्पर ठरवून टाकलं की येत असणार. मग व्हिडिओ बघून शिकले. माझं सगळं तसंच आहे. इटालियनसुद्धा. श्रीरंगच्या, म्हणजे माझ्या नवऱ्याच्या व्हिसावर मी इथे आले तेव्हा मला नोकरी करायची परवानगी नव्हती. तो ऑफिसला, रुही शाळेत, आणि मी लायब्ररीत. तिथे कोपऱ्यात जुन्या इटालियन सिनेमांच्या डीव्हीडी होत्या, ज्यांना कुणी हात लावत नसे. मी लावला. खालची अक्षरं वाचत वाचत मला आधी भांडणाचं इटालियन आलं, मग प्रेमाचं. व्याकरण अजून यायचंय. श्रीरंग म्हणायचा, "नीलांबरी, एवढ्या वेळात जावा शिकली असतीस." खरंच शिकले असते. पण जावामध्ये कुणी सुपात तोंड बुडवून मरत नाही.

त्यामुळे काका-काकू आमच्या सीनियर लिव्हिंगमध्ये राहायला आले त्या दिवशी मी स्वागताचा केक हातात घेऊन दारातच थबकले. तो मोडक्या नाकाचा, भिवया जुळलेला चेहरा मी पन्नासदा पाहिला होता. नाव कधीच माहीत नव्हतं. सिनेमाच्या नामावलीत 'तिसरा दरोडेखोर', 'वेटर', 'पोस्टमास्तर' असंच काहीतरी असायचं.

"तुम्ही सुपात मेला होतात!" मी माझ्या भांडणाच्या इटालियनमध्ये ओरडले.

काका उठले. एक हात छातीवर ठेवून कमरेत वाकले. त्यांच्या मुलीने, मरीनाने, मला मिठीच मारली. "चाळीस वर्षं काम केलं पपांनी," ती म्हणाली, "आणि चेहऱ्यावरून ओळखणाऱ्या तुम्ही पहिल्या."

मरीना जवळच रेस्टनला दंतवैद्य आहे. लग्न करून इकडे आली आणि आईवडिलांना म्हातारपणी घेऊन आली. काकांनी इथेही एक काम केलं होतं म्हणे. पास्त्याच्या सॉसची जाहिरात. त्यात ते आजोबा होते, चमचा चाटून दोन वाक्यं बोलायची. जाहिरात टीव्हीवर आली तर आवाज दुसऱ्याच कुणाचा. काकांचं इंग्लिश जाहिरातवाल्यांना पुरेसं इटालियन वाटलं नव्हतं. ओहायोच्या एका माणसाने ते 'इटालियन' करून दिलं.

हे ऐकून मी पोट धरून हसले. त्यात पुढचं सगळं दडलंय हे तेव्हा कळलं नाही.

आमच्या इमारतीवरून डलेस विमानतळावर उतरणारी विमानं जातात. इतकी खालून की खिडकीतले कप किणकिणतात. प्रत्येक विमानाला काकू मान वर करायच्या. "यात आहे का तो?"

"पुढच्यात असेल, काकू." मी त्यांना मराठीतच काकू म्हणायचे. त्यांना ते माझ्या भाषेतलं काहीतरी मानाचं आहे एवढं कळत होतं.

"पुढचं, पुढचं. सिनेमावाल्यांशी लग्न करू नये, नीला."

शेजारी बसलेले काका माझ्याकडे बघून खांदे उडवायचे. विनोदी भूमिकाही केल्या होत्या त्यांनी. पण नंतर ते खिडकीकडे तोंड फिरवायचे, आणि त्यांच्या गळ्यावरचा तो रुमाल श्वासाने भराभर हलायचा.

एक दिवस मला वाटलं, आपण किती मूर्ख आहोत! आवाज हवाय ना? मग या माणसाने एवढे सिनेमे केलेत ते कशासाठी? मी घरून डीव्हीडी घेऊन गेले. घोडे, धूळ, गोळ्या. काकांनी खुणेने 'नको' केलं, डोळे मिचकावून पाटी शोधायला लागले, पण मी उत्साहात होते. माझा उत्साह म्हणजे श्रीरंगला विचारा. सिनेमा लावला. काकांचा दरोडेखोर दारूच्या गुत्त्यात आला आणि गडगडाटी, खर्जातल्या आवाजात म्हणाला, "या गावात आता माझा कायदा चालेल!"

काकूंनी कान टवकारले. चेहरा उजळला.

"अगंबाई, फाउस्तो!" काकू म्हणाल्या. "किती सिगारेटी ओढतोस रे मेल्या! घसा बघ काय झालाय."

मी काकांकडे बघितलं. ते आवाज न करता इतके हसत होते की डोळ्यांतून पाणी येत होतं. त्यांनी लिहिलं, "मी सांगत होतो. हा मी नाही."

मग मला कळलं, जे पंधरा वर्षं ते सिनेमे बघून कळलं नव्हतं. इटलीत त्या काळी सेटवर आवाज घेतच नसत. दिग्दर्शक कॅमेऱ्यामागून ओरडतोय, सुतार ठोकाठोकी करतायत, हिरो इंग्लिश बोलतोय, हिरॉईन फ्रेंच. एखादा नट तर संवाद पाठ नसला की नुसते आकडे म्हणायचा. नंतर रोमला एका अंधाऱ्या हॉलमध्ये दुसरीच माणसं पडद्याकडे बघून प्रत्येकाच्या तोंडात आवाज घालायची. फाउस्तो त्यातलाच. काकांच्या चेहऱ्याला फाउस्तोचा आवाज, हे जणू लग्नच लागलेलं होतं. काकांचा स्वतःचा आवाज त्यांच्या एकाही सिनेमात नव्हता.

"का पण?" मी विचारलं.

त्यांनी लिहिलं, "गोड होता." पुसलं. "दरोडेखोर गोड बोलला तर त्याला मारताना प्रेक्षकांना वाईट वाटतं."

मरीनाला विचारलं, घरचं काही रेकॉर्डिंग? तिने शोधशोध केली. घरच्या व्हिडिओंमध्ये कॅमेरा नेहमी पपांच्याच हातात, आणि तो हातात आला की ते जीभ चावून गप्प. मरीनाच्या लग्नात त्यांनी भाषण केलं होतं, पण ते ज्याने टेप केलं त्याने त्यावर नंतर फुटबॉलची मॅच टेप केली. फोनवरचे निरोप जुन्या फोनबरोबर गेले. "कोण जपून ठेवतं हो?" मरीना म्हणाली. "रोज तर बोलायचे."

तिच्या आईचं वजन कमी होत चाललं होतं. डॉक्टरांनी अजून हॉस्पिसचं, म्हणजे शेवटच्या दिवसांतल्या शुश्रूषेचं, नाव काढलं नव्हतं, पण मरीना येताना प्रत्येक वेळी आईसाठी काहीतरी मऊ आणायला लागली होती. मोजे, शाल, उशीचा अभ्रा. मला अशा मऊ वस्तूंची ओळख आहे. लोक त्या शेवटी शेवटी आणतात.

"आईला एकदा कळायला हवं की ते इथे आहेत," ती म्हणाली. "नाहीतर ती वाट बघत जाईल, आणि पपा शेजारी बसून ते बघतील."

काका ऐकत होते. त्यांनी पाटी उचलली. पाटी लहान, त्यामुळे दोन ओळी लिहायच्या, दाखवायच्या, पुसायच्या. पुसताना मध्ये जो काळोख यायचा तो सिनेमात दृश्य बदलताना येतो तसा.

तरुणपणी काम मिळत नव्हतं तेव्हा तेही त्या अंधाऱ्या हॉलमध्ये आवाज द्यायला जायचे. तिथे एक मुलगी होती. पडद्यावरचे ओठ आणि आवाज जुळतात की नाही हे बघायचं तिचं काम. अर्धा क्षण जरी चुकला तरी ती अंधारातून म्हणायची, "पुन्हा." एका देखण्या डॅनिश नटाचा सिनेमा आला होता. खलाशी, बंदर, वाट बघणारी बाई. त्या नटाला इटालियनचा गंध नव्हता. त्याच्या तोंडात काकांचा आवाज घातला. आणि त्या एका सिनेमात ती मुलगी एकदाही "पुन्हा" म्हणाली नाही.

"दिवे लागले," काकांनी लिहिलं. पुसलं. "तिने मला पाहिलं." पुसलं. "म्हणाली, अरेरे."

आम्ही हसलो. ते चेहऱ्याने अख्खा प्रसंग करून दाखवत होते, त्या मुलीचा भ्रमनिरास, स्वतःचं ते नाक.

"पण मग बाहेर येऊन म्हणाली, चल, दिवे बंद करून कॉफी पिऊ."

इल्देकाकू शेजारीच बसल्या होत्या. "कोण हसतंय?" त्यांनी विचारलं. "ओरेस्ते आला का?"

झालं. मला तो सिनेमा हवा होता. अमेरिकेत एका जुन्या वस्तूंच्या विक्रेत्याकडे डीव्हीडी मिळाली. ती घरी आली, मी पाकीट फोडून तिथल्या तिथे लावली, आणि तो डॅनिश माणूस अस्सल कॅलिफोर्नियाच्या इंग्लिशमध्ये बोलायला लागला. अमेरिकेत पाठवताना अमेरिकनांनी सगळ्यांच्या तोंडात परत तिसरीच माणसं घातली होती. नंतर मी कारमध्ये बसून रडले. ग्रोसरीच्या पार्किंगमध्ये, मागे मेथीच्या जुड्या. श्रीरंगला फोन केला तर तो मीटिंगमध्ये. "एनीथिंग अर्जंट?" "नाही," मी म्हटलं, "एक माणूस चुकीचा निघाला."

रुहीने वाचवलं. रुही माझी मुलगी, रिचमंडला पॉडकास्टचं साउंड एडिटिंग करते. मराठी समजतं सगळं, उत्तर इंग्लिशमध्ये. तिने कुठल्याशा ऑनलाइन ग्रुपवर विचारलं, आणि बोलोन्याच्या एका गृहस्थाने टीव्हीवरून टेप केलेली मूळ इटालियन प्रत पाठवली. चित्रात मुंग्या होत्या. पण बघायचं कुणाला होतं?

"आई, आय क्लीन्ड इट अप," रुही म्हणाली. "म्यूझिक काढलंय, आणि त्या हिरॉईनचे लाइन्सपण. फक्त आजोबांचा व्हॉइस आहे."

"हिरॉईनचे का काढलेस?"

"आई. सीरियसली? आजी विचारतील ना, हू इज दॅट वुमन."

कधी कधी वाटतं पोरगी वाया नाही गेली.

रविवारी दुपारी आम्ही सगळे जमलो. मरीना, रुही, मी. काकांनी नवा शर्ट घातला होता, गळ्यावरचा रुमाल इस्त्रीचा. त्यांनी काकूंच्या हातावर हात ठेवला. काकूंनी रोजच्यासारखा सुटायचा प्रयत्न केला, मग कंटाळून राहू दिला. टॅब्लेट मी दोघांच्या मध्ये ठेवला.

आधी थोडी खरखर. मग एक आवाज. काय सांगू. त्या चेहऱ्याकडे बघत तो आवाज ऐकणं म्हणजे गोणपाटातून अत्तर यावं तसं.

"मी आहे. दार उघड."

काकूंचं शरीर सरळ झालं. "ओरेस्ते?"

"खूप लांबून आलोय."

"माहितीये मला किती लांबून! जेवलास का?"

रुहीने मध्ये जिथे हिरॉईन बोलायची तिथे मोकळी जागा ठेवली होती, आणि काकू बरोब्बर त्या जागेत बोलत होत्या. ओठ आणि आवाज जुळवण्यात जन्म गेलेली बाई. मरीनाने तोंडावर हात धरला होता.

"माझ्याशिवाय कशी राहिलीस?" आवाजाने विचारलं.

"कशी राहणार? राहिले." काकू जरा पुढे झुकल्या आणि आवाज खाली आणून म्हणाल्या, "ऐक ना. इथे एक म्हातारा आहे. रोज येऊन शेजारी बसतो. माझा हात धरतो. वाईट नसेल बिचारा, पण मला नाही आवडत. बोलत पण नाही काही. तू सांग ना त्याला, माझी बायको आहे म्हणून."

"रडू नकोस," टॅब्लेटमधला आवाज म्हणाला.

"मी कुठे रडतेय?" काकू म्हणाल्या.

काका रडत होते. मग त्यांनी हात उचलला. असा उचलला की काकूंना कळूही नये, एकेक बोट करून. खुर्ची मागे सरकवली, खुर्चीचा पाय जमिनीला घासणार नाही याची काळजी घेत. आणि तिथून ते काकूंच्या तोंडाकडे बघत राहिले. त्यांचं तोंड लग्नातल्या नवरीसारखं दिसत होतं.

"मला निघायला हवं. पहाटे बोट आहे," आवाज म्हणाला आणि संपला. हे वाक्य रुहीच्या हातून कापायचं राहिलं होतं.

"बोट?" काकू म्हणाल्या. "परत? आत्ता तर आलास!" त्यांनी हवेत हात पुढे केला. तो हात धरणारं तिथे कुणी नव्हतं. जो धरायचा तो मागे सरकून बसला होता.

नंतर कॉरिडॉरमध्ये रुही रडून लाल झालेल्या डोळ्यांनी म्हणाली, "आय कॅन फिक्स धिस. एवढा व्हॉइस पुरेसा आहे. आजकाल सॉफ्टवेअर आहे ना, आजोबा जे लिहितील ते त्यांच्या आवाजात बोलेल. 'तो म्हातारा मीच आहे', असं सांगू शकतील ते."

मी काकांना इटालियनमध्ये समजावलं. आशा त्यांच्या चेहऱ्यावर आली आणि गेली, मला दिसली. मग लिहिलं, "ती अर्ध्या क्षणाची चूक ओळखायची. यंत्राचा आवाजही ओळखेल." पुसलं. "कपाटातलं आठवतंय ना." पुसलं. रुहीच्या गालावर हात ठेवून मग आणखी एक लिहिलं, "आणि म्हणू काय? मी इथे आहे म्हणू? ते तर रोज सांगतोय."

तेव्हापासून काकांनी नवी भूमिका घेतली. दुसऱ्या दिवशी मी गेले तर ते काकूंच्या शेजारी नव्हते. दाराजवळ उभे होते, डाव्या हातावर पांढरा नॅपकिन टाकून. त्यांनी कॉफी आणली, कप बशीत ठेवताना हलकेच किणकिण केली, दोन पावलं मागे गेले.

"कोण आहे?" काकूंनी विचारलं.

काकांनी मला पाटी दाखवली. मी वाचलं. "वेटर आहे, काकू."

"अस्सं. धन्यवाद हं." इतक्या महिन्यांत काकूंनी त्यांना उद्देशून म्हटलेलं ते पहिलं गोड वाक्य.

नॅपकिन कशाला, त्यांना दिसत तर नाही, असं मी नंतर विचारलं. त्यांनी लिहिलं, "क्लोजअप असला तरी बूट भूमिकेचेच घालायचे. चालण्यात फरक पडतो."

चाळीस वर्षांच्या अनुभवाचा वेटर तो. सूप गार होऊ दिलं नाही, चमचा ओठांपर्यंत नेताना सांडला नाही. काकू त्याच्यावर खूश होत्या. "हा बोलत नाही, पण वेळेवर येतो. ओरेस्ते याच्या अगदी उलट." रोज दुपारी काका तो आवाज लावायचे, बोटीचं वाक्य रुहीने काढलेली नवी प्रत. काकू आवाजाशी गप्पा मारायच्या, आणि वेटर दोन पावलं मागे उभा राहून स्वतःच्याच बायकोचं स्वतःशीच चाललेलं बोलणं ऐकायचा. कधी त्या वेटरचं कौतुकही करायच्या. "याला बक्षिशी दे हं जाताना." आवाज थांबला की मात्र पुन्हा तेच. गेला. कधी येणार? आधी काकू नवऱ्याची वाट बघायच्या, आता रोज तो नव्याने निघून जात होता. आम्ही बरं करायला गेलो होतो की वाईट, मला ठरवता येईना. अजून येत नाही.

हिवाळ्यात त्या अंथरुणाला खिळल्या. हॉस्पिसच्या नर्सेस यायला लागल्या. बोलणं कमी झालं. टॅब्लेट लावला तरी नुसतं ऐकायच्या, मधल्या मोकळ्या जागा मोकळ्याच जायच्या. एक दिवस काकांनी तो लावणं बंद केलं. त्या दिवसांत त्यांनी वेटर म्हणून खुर्ची पलंगाजवळ घेतली, आणि काकूंनी हात धरू दिला. "तो येईपर्यंत बसा तुम्ही," एवढंच म्हणाल्या.

त्या दुपारी पाऊस आणि बर्फ यांच्यामधलं काहीतरी पडत होतं. मरीना पेशंट आटपून निघालीच होती. एक विमान अगदी खालून गेलं. कप किणकिणले.

काकूंचे ओठ हलले. "यात आहे का तो?"

मी 'पुढच्यात' म्हणणार होते. तोंडापर्यंत आलेलं. पण त्यांच्या श्वासात आता जास्त पुढची विमानं दिसत नव्हती.

"हो काकू," मी म्हटलं. "यातच आहे. उतरलं बघा."

त्यांनी डोळे उघडले. मग काकांच्या हातातून आपला हात काढून घेतला, रागाने नाही, घाईने. "मग तुम्ही उठा हं आता," त्या वेटरला म्हणाल्या. "तो आला की त्याला खुर्ची लागेल."

मी काय केलं हे मला तेव्हा कळलं. काका माझ्याकडे बघत होते. मला वाटलं, आता या माणसाला मी शेवटच्या तासाला खोलीबाहेर काढलं.

ते उठले. नॅपकिनची नीट घडी करून टेबलावर ठेवली. खुंटीवरचा ओव्हरकोट घेतला, टोपी घेतली आणि बाहेर गेले. मी मागे गेले. कॉरिडॉरच्या टोकाला अंगणाचं दार आहे. ते उघडून काका बाहेर त्या गारठ्यात उभे राहिले, गळ्यावर हात धरून, कोटावर पाणी पडू देत. मी म्हटलं, "काका, आत या, न्यूमोनिया होईल!" त्यांनी बोट वर केलं. थांब. मला उशिरा समजलं. बाहेरून आलेल्या माणसाच्या अंगाला बाहेरचा गारवा हवा. इतके महिने ते तिथेच बसून होते. जो गेलाच नाही, त्याला ती 'आलास' कसं म्हणणार होती?

मग ते आत आले. कॉरिडॉरमध्ये त्यांची चाल बदलली. वेटरची हलकी पावलं गेली, जड, मालकाची पावलं आली. दाराशी त्यांनी बूट काढून टाकले. एक धप्प. दुसरा धप्प.

"आलास," काकू म्हणाल्या. आणि मग, दमत दमत, "बूट. किती वेळा सांगितलं."

काका खुर्चीत बसले. ओल्या कोटाचा वास खोलीभर झाला. काकूंनी हात पुढे केला, त्यांना काकांचा हात मिळाला. त्यांनी तो चाचपला, एकेक हाड.

"काय हे," त्या म्हणाल्या. "शूटिंगवर खायला घालत नाहीत वाटतं."

काकांनी काकूंचा हात आपल्या गालावर ठेवला, नाकावर ठेवला. काकू नाकावर थांबल्या. जरा हसल्यासारखं झालं.

"बोल ना काहीतरी," त्या म्हणाल्या.

खिडकीवर पावसाचे थेंब तडतडत होते. काकांचं तोंड उघडलं. ओठ हलले, पूर्ण वाक्य हललं, एकही अक्षर न येता. माझा हात टॅब्लेटकडे गेला. त्यांनी माझ्याकडे न बघताच मान हलवली. नाही.

काकूंनी वाट बघितली. बराच वेळ.

"दमलायस," शेवटी त्या म्हणाल्या. "असू दे. उद्या बोल."

मरीना पोचली तेव्हा त्या झोपेत होत्या, हात तसाच. त्यातून पुन्हा उठल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी सकाळी गेल्या.

अंत्यसंस्कारात मरीनाला तो आवाज लावायचा होता. काकांनी नको म्हटलं.

ते अजून आमच्याकडेच राहतात. योगाला येतात, हात वर करायला सांगितलं की दरोडेखोरासारखे दोन्ही हात वर करतात आणि बायकांना हसवतात. दुपारी मी त्यांच्या खोलीत कॉफी घेऊन जाते. दोन खुर्च्या आहेत, पण मी पलंगाच्या कडेवर बसते. काल आम्ही तसे बसलो होतो तेव्हा विमान गेलं, खालून, कप किणकिणले. दोघांनी एकदमच मान वर केली. कुणी काही विचारलं नाही.